पिशवीच्या तोंडाची तपासणी: कधी करायची, कशी होते आणि रिपोर्ट आल्यावर काय करायचं

“मला काही त्रासच नाही, मग तपासू कशाला?” गर्भपिशवीच्या तोंडाच्या, म्हणजे गर्भाशयमुखाच्या, कर्करोगासाठीच्या तपासणीचं नाव काढलं की नाशिकच्या पंचवटीतल्या बाईकडूनही हेच ऐकू येतं आणि सुरगाण्याच्या पाड्यावरच्या बाईकडूनही. उत्तर सरळ आहे: ही तपासणी त्रास नसलेल्या बाईसाठीच आहे. संबंधानंतर रक्त जायला लागलं, पाळी गेल्यावर पुन्हा लाल दिसलं, घाण वासाचं पाणी जायला लागलं, तर ती वेळ स्क्रीनिंगची राहत नाही. अशा बाईने शिबिराची वाट बघू नये, त्याच आठवड्यात स्त्रीरोगतज्ज्ञाकडे जावं. तिला तुकडा तपासणीची (बायॉप्सीची) गरज पडू शकते.

गर्भाशयमुखाचा कर्करोग टाळता येतो, कारण तो सावकाश येतो. ज्या विषाणूमुळे तो होतो त्याची लागण झाल्यापासून कर्करोग होईपर्यंत साधारण पंधरा-वीस वर्षं जातात. एचआयव्हीसारख्या कारणाने प्रतिकारशक्ती कमी असेल तर पाच-दहा वर्षं. एवढ्या काळात एकदोनदा नीट तपासणी झाली आणि सापडलेल्या डागावर उपचार झाले, तर पुढचा रोग होतच नाही. तरीही २०२२ च्या अंदाजानुसार भारतात एका वर्षात सुमारे १ लाख २७ हजार बायकांना हा कर्करोग झाला आणि जवळपास ८० हजार दगावल्या. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात ३० ते ४९ वयाच्या बायकांना विचारलं, तर ही तपासणी कधीतरी झालेल्या शंभरात दोनही निघाल्या नाहीत.

आमचं म्हणणं एवढंच आहे की नुसती चाचणी झाली म्हणजे काम झालं असं नाही. चाचणी, रिपोर्ट हातात येणं, गरज असेल तर उपचार आणि वर्षाने पुन्हा दाखवणं, अशी ही साखळी आहे. आपल्याकडे ती बहुतेक वेळा मधेच तुटते.

नेमकं कुठे बिघडतं

गर्भपिशवीचं तोंड योनीच्या आत, टोकाला असतं. त्याच्या बाहेरच्या भागावर गुलाबी, गुळगुळीत, अनेक थरांची त्वचा असते. आतल्या नळीत लालसर, नाजूक, एकाच थराचं अस्तर असतं. दोन्ही जिथे भेटतात तो पट्टा स्थिर नसतो. वयात येताना आणि बाळंतपणात आतलं लाल अस्तर बाहेर सरकतं, मग हळूहळू त्याचं बाहेरच्या त्वचेत रूपांतर होतं. ह्या बदलत्या पट्ट्यातच विषाणू घर करतो आणि जवळपास सगळे कर्करोग इथूनच सुरू होतात. म्हणून नजरेने किंवा पेशी बघून होणारी चाचणी आणि प्रत्येक उपचार ह्या पट्ट्यापर्यंत पोहोचला तरच उपयोगाचा.

आता एक गोष्ट, जिच्यापायी पुष्कळ बायका उगाच घाबरतात. आतलं लाल अस्तर बाहेर दिसत असलं की “पिशवीच्या तोंडाला जखम आहे” असं सांगितलं जातं. तरुण वयात, गरोदरपणात, गर्भनिरोधक गोळ्या चालू असताना असं दिसणं नेहमीचं आहे. ती जखम नसते आणि कर्करोगाची सुरुवातही नसते. तपासणी नॉर्मल असेल तर ती जागा जाळायची किंवा पिशवी काढायची गरज नसते.

विषाणूचं नाव ह्युमन पॅपिलोमा व्हायरस, म्हणजे एचपीव्ही. त्याचे शेकडो प्रकार आहेत. त्यातले डझनभर कर्करोगाकडे नेऊ शकतात. एकटे १६ आणि १८ हे दोन प्रकार ह्या कर्करोगाच्या दहापैकी सात रुग्णांत सापडतात. हा संबंध दाखवून देणारे हाराल्ड झुर हौझेन यांना २००८ मध्ये नोबेल मिळालं. विषाणू लैंगिक संबंधातून, त्वचेला त्वचा लागून पसरतो. निरोधमुळे धोका कमी होतो, पूर्ण जात नाही. संबंध आलेल्या बहुतेक स्त्री-पुरुषांना आयुष्यात कधी ना कधी ही लागण होते आणि दहापैकी नऊ जणींचं शरीर ती वर्षा-दोन वर्षांत स्वतःच संपवतं. उरलेल्या एखादीत विषाणू वर्षानुवर्षं ठाण मांडतो, धोका तिला आहे.

म्हणूनच एचपीव्ही पॉझिटिव्ह रिपोर्टवरून घरात कुणी कुणावर संशय घ्यायचं कारण नाही. लागण दहा-पंधरा वर्षांपूर्वीची असू शकते आणि ती कुणाकडून, कधी आली हे कोणतीही चाचणी सांगू शकत नाही. रिपोर्ट देणाऱ्या सिस्टरने किंवा डॉक्टरने हे वाक्य बाईला आणि तिची इच्छा असेल तर नवऱ्याला, स्पष्ट शब्दांत सांगायलाच हवं. ते न सांगितल्याने बायका रिपोर्ट लपवतात आणि पुढच्या तपासणीला येत नाहीत.

तीन चाचण्या

सरकारी कार्यक्रमात ३० ते ६५ वयाच्या बायकांची दर पाच वर्षांनी तपासणी करायची आहे. आशाताई घरी येऊन जो फॉर्म भरतात त्यात तंबाखू, मिश्री, पाळीच्या तक्रारी विचारतात, तो ह्याच कार्यक्रमाचा भाग आहे. त्याच फेरीत तोंड आणि स्तनही तपासतात. मिश्री लावणाऱ्या बाईने तोंडाची तपासणी टाळू नये.

प्राथमिक आरोग्य केंद्रात होते ती व्हीआयए, म्हणजे व्हिनेगरची चाचणी. बाई पाठीवर झोपते, गुडघे वर घेते. स्पेक्युलम नावाचं उपकरण आत ठेवून पिशवीचं तोंड नजरेसमोर आणतात. चिकट पाणी कापसाने हलकेच पुसतात, मग ३ ते ५ टक्के अ‍ॅसेटिक अ‍ॅसिडमध्ये बुडवलेला बोळा तिथे लावतात आणि पूर्ण एक मिनिट थांबतात. बदललेल्या पेशी पांढऱ्या पडतात. दोन्ही अस्तरांच्या सीमेला चिकटून, ठळक कडेचा, दाट पांढरा डाग दिसला तर चाचणी पॉझिटिव्ह. सीमेपासून लांब पसरलेला फिकट पांढुरका भाग धरायचा नसतो. थोडी जळजळ होते, क्वचित पोटात कळ येते. सगळं मिळून पाच-दहा मिनिटं.

ही चाचणी स्वस्त आहे, निकाल तिथल्या तिथे मिळतो, पण ती बघणाऱ्याच्या डोळ्यावर अवलंबून आहे आणि तीन-चार ठिकाणी हमखास बिघडते. पहिलं द्रावण. बाटलीत येतं ते ग्लेशियल अ‍ॅसेटिक अ‍ॅसिड. त्याचं ५ मिलि, ९५ मिलि पाण्यात मिसळून ५ टक्क्यांचं १०० मिलि द्रावण होतं. ते रोज ताजं करायचं. न मिसळता तेच लावलं तर आत भाजतं, आणि फार पातळ झालं तर डाग उमटतच नाही. दुसरं, घड्याळ. शिबिरात रांग मोठी असली की एक मिनिटाची वीस सेकंदं होतात आणि हळू पांढरा होणारा डाग सुटतो. तिसरं, उजेड: मोबाइलच्या बॅटरीवर ही तपासणी करू नये, चांगला पांढरा दिवा लागतो. चौथं, वय. पाळी गेल्यावर तो पट्टा आतल्या नळीत सरकतो आणि दिसेनासा होतो. न दिसणाऱ्या पट्ट्यावर “निगेटिव्ह” लिहिणं चूक आहे. साधारण पन्नाशीनंतरच्या बाईला एचपीव्ही किंवा पॅप चाचणीच हवी.

मन लावून आणि नियमाने केली तर व्हीआयए किती काम करते ह्याचा पुरावा आपल्याच राज्यातला आहे. मुंबईच्या वस्त्यांत टाटा मेमोरियलने प्रशिक्षित आरोग्य कार्यकर्त्यांकडून दर दोन वर्षांनी ही तपासणी करून घेतली, आणि बारा वर्षांच्या पाठपुराव्यात ह्या कर्करोगाचे मृत्यू ३१ टक्क्यांनी कमी झाले.

पॅप चाचणीत लाकडी पट्टीने किंवा ब्रशने पेशी खरवडून काचेवर किंवा बाटलीतल्या द्रवात घेतात आणि प्रयोगशाळेत सूक्ष्मदर्शकाखाली बघतात. एका वेळच्या पॅपमधून बरेच बदल निसटतात, म्हणून ती दर तीन वर्षांनी करावी लागते. काचेवर घेतलेला नमुना काही सेकंदांत अल्कोहोलमध्ये बुडवला नाही किंवा त्यावर फवारा मारला नाही तर पेशी सुकतात आणि रिपोर्ट “नमुना अपुरा” असा येतो.

तिसरी एचपीव्ही डीएनए चाचणी. आज हाताशी असलेली सगळ्यात खात्रीची हीच. उस्मानाबाद, म्हणजे आजच्या धाराशिव जिल्ह्यात बार्शीच्या कर्करोग रुग्णालयाच्या पथकाने ३० ते ५९ वयाच्या सुमारे १ लाख ३१ हजार बायकांवर केलेला अभ्यास २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. आयुष्यात फक्त एकदा झालेल्या एचपीव्ही चाचणीने पुढच्या टप्प्यातले कर्करोग आणि मृत्यू जवळपास निम्म्यावर आले. एकदाच केलेल्या पॅप किंवा व्हीआयएने तसा ठळक फरक त्या अभ्यासात दिसला नाही. जागतिक आरोग्य संघटना आता ह्याच चाचणीला पहिली पसंती देते: तिशीपासून, दर पाच ते दहा वर्षांनी. एचआयव्ही असलेल्या बाईने पंचविशीपासून, दर तीन ते पाच वर्षांनी. निदान पस्तिशीत एकदा आणि पंचेचाळिशीत एकदा शंभरातल्या सत्तर बायकांची व्हावी, हे २०३० चं जागतिक उद्दिष्ट आहे. सरकारी केंद्रात ती सगळीकडे मिळत नाही; खर्च परवडत असेल तर खाजगी प्रयोगशाळेत होते.

ह्या चाचणीचा नमुना बाई स्वतः घेऊ शकते. डॉक्टरसमोर झोपायची लाज वाटते म्हणून जी कधीच येणार नाही, तिच्यासाठी हा मोठा आधार आहे. हात धुवायचे, मऊ ब्रश बोटभर आत सरकवायचा, अडलं की थांबायचं, किटवर लिहिलंय तितक्या वेळा गोल फिरवायचा आणि कडेला न टेकवता थेट बाटलीत टाकून झाकण घट्ट करायचं. ब्रश पिशवीच्या तोंडाला लागलाच पाहिजे असं नाही.

कोणत्याही चाचणीआधी दोन दिवस संबंध टाळावेत, योनीत गोळी किंवा मलम ठेवू नये, आतून धुऊ नये. पाळी चालू असताना जाऊ नये. पाळी सुरू झाल्यापासून दहाव्या ते विसाव्या दिवसात गेलेलं उत्तम. लघवी करून जावं. साडी किंवा गाऊन घालून गेलं तर सगळे कपडे काढावे लागत नाहीत. बाई डॉक्टर किंवा सिस्टर मागता येते, लहान आकाराचं स्पेक्युलम मागता येतं, दुखलं तर “थांबा” म्हणता येतं.

रिपोर्ट कसा वाचायचा

पॅपच्या कागदावर बारीक अक्षरात एक संक्षेप असतो, तोच महत्त्वाचा. एनआयएलएम म्हणजे नॉर्मल. सोबत “इन्फ्लमेटरी” लिहिलं असेल तर जंतुसंसर्ग किंवा सूज आहे, त्यावर औषध घ्यायचं. तो कर्करोग नाही. एएससी-यूएस म्हणजे पेशी जरा वेगळ्या आहेत पण नक्की सांगता येत नाही: एचपीव्ही चाचणी करावी किंवा वर्षाने पुन्हा पॅप. एलएसआयएल हे सौम्य बदल, बहुतेकदा आपोआप जातात, तरी डॉक्टर सांगतील तसं लक्ष ठेवायचं. एएससी-एच, एचएसआयएल किंवा एजीसी लिहिलं असेल तर पुन्हा पॅप करत बसू नये, थेट कोल्पोस्कोपी करून घ्यावी. नमुना अपुरा असेल तर दोन ते चार महिन्यांत पुन्हा द्यावा. “काही निघालं नाही” असा त्याचा अर्थ घेऊ नये.

कोल्पोस्कोपी म्हणजे बाहेर ठेवलेल्या भिंगातून पिशवीचं तोंड मोठं करून बघणं आणि संशयाच्या जागेचा तांदळाच्या दाण्याएवढा तुकडा घेणं. भूल लागत नाही. दोन-तीन दिवस थोडं लाल जातं. तुकड्याच्या रिपोर्टवर सीआयएन १, २ किंवा ३ लिहिलेलं असतं. हा कर्करोग नसतो, त्याच्या आधीची पायरी असते. १ बहुधा आपोआप जातो, २ आणि ३ वर उपचार करतात.

डाग पूर्ण दिसत असेल, तोंडाच्या पाऊण भागापेक्षा कमी असेल, नळीत शिरलेला नसेल आणि कर्करोगाचा संशय नसेल, तर उपचार बाह्यरुग्ण विभागातच होतो. थर्मल अब्लेशनमध्ये १०० अंश सेल्सिअसला तापलेलं टोक २० ते ३० सेकंद टेकवतात. क्रायोमध्ये तीन मिनिटं गोठवून, पाच मिनिटं थांबून, पुन्हा तीन मिनिटं गोठवतात. डाग मोठा किंवा आत गेलेला असेल तर जागा बधिर करून विजेच्या तारेच्या फासाने तो पट्टाच काढतात, त्याला लीप म्हणतात. नंतर काही आठवडे पाण्यासारखा स्राव जातो, तो अपेक्षित आहे. चार आठवडे संबंध टाळायचे. ताप, घाण वास किंवा पाळीपेक्षा जास्त रक्त दिसलं तर लगेच दाखवायचं. आणि वर्षाने पुन्हा तपासणी, कारण काहींत डाग परत येतो. गरोदर बाईत कर्करोगाचा संशय नसेल तर हे उपचार बाळंतपणानंतर करतात.

साखळी तुटते ती ह्या सगळ्याच्या मधे. ऑक्टोबर छाटणीपासून मार्च-एप्रिलच्या काढणीपर्यंत पेठ, सुरगाणा, त्र्यंबकेश्वरकडच्या बायका निफाड-दिंडोरीच्या द्राक्षबागांवर मुक्कामाला असतात. गावच्या केंद्रात डिसेंबरमध्ये शिबिर लावलं तर त्या तिथे नसतात. बागेजवळच्या केंद्रात तपासणी झाली तर रिपोर्ट येईपर्यंत टोळी पुढच्या बागेवर गेलेली असते. सातपूर-अंबडच्या कारखान्यात रोजंदारीवर असलेल्या बाईला “पुढच्या मंगळवारी या” म्हणणं म्हणजे एका दिवसाचा पगार सोडायला सांगणं. त्यामुळे शिबिर घेणाऱ्यांनी फोन नंबर दोन घ्यावेत, एक तिचा आणि एक मुकादमाचा किंवा नात्यातल्या बाईचा. त्या दुसऱ्या नंबरवर रिपोर्ट मात्र सांगू नये, फक्त निरोप द्यावा. व्हीआयए पॉझिटिव्ह आली आणि डाग उपचारासारखा असेल तर त्याच दिवशी थर्मल अब्लेशन करता येतं. यंत्र हातात धरण्याएवढं असतं, बॅटरीवर चालणारंही मिळतं. बागायतदाराला डावणीचा (द्राक्षावरच्या बुरशी रोगाचा) ठिपका पानामागे दिसला की तो त्याच दिवशी फवारणीला लागतो, इथेही तसंच व्हायला हवं.

“पिशवीच काढून टाका”

चाळिशीच्या आसपासच्या बाईला पांढरं जातंय, कंबर दुखतेय, आणि कुणीतरी म्हणतं, “पिशवी खराब झालीय, पुढे कॅन्सर होईल, काढून टाका.” पांढरं जाणं हे बहुतेकदा संसर्गाचं किंवा पाळीच्या चक्रातलं साधं लक्षण असतं. त्यासाठी पिशवी काढणं हा उपचार नाही. कर्करोगाच्या भीतीपोटी काढायची तर आधी तुकड्याचा रिपोर्ट मागा. सीआयएन निघाला तरी बहुतेकींना तेवढ्याच जागेचा उपचार पुरतो.

उलट बाजूही तितकीच गंभीर आहे. आत कर्करोग असताना तो न तपासता साधी पिशवी काढली, तर मुळांसकट काढायचा रोग अर्धवट राहतो आणि पुढचे उपचार अवघड होतात. म्हणून पिशवीच्या कोणत्याही ऑपरेशनआधी पॅप किंवा एचपीव्ही झालीच पाहिजे आणि काढलेली पिशवी पॅथॉलॉजीला गेलीच पाहिजे. तो कागद आणि डिस्चार्ज कार्ड जपून ठेवा. काही ऑपरेशनांत तोंड तसंच ठेवतात. अशा बाईला पुढेही तपासणी लागते, आणि ते फक्त कार्डावरूनच कळतं.

मुलींची लस

लस लागण रोखते, झालेली लागण घालवत नाही. म्हणून ती ९ ते १४ वयात, संबंधांच्या कितीतरी आधी द्यायची. पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटच्या सर्व्हाव्हॅक लशीला २०२२ मध्ये परवानगी मिळाली; ती एचपीव्हीच्या ६, ११, १६ आणि १८ ह्या चार प्रकारांवर आहे. वेष्टनावरच्या सूचनेनुसार १४ वर्षांपर्यंत सहा महिन्यांच्या अंतराने दोन डोस, १५ ते २६ वयात ०, २ आणि ६ महिन्यांनी तीन. जागतिक आरोग्य संघटनेने डिसेंबर २०२२ पासून ९ ते २० वयासाठी एक डोसही चालेल असं म्हटलंय. त्यामागच्या महत्त्वाच्या पुराव्यात बार्शी आणि पुण्याच्या मुलींचा सहभाग असलेला भारतीय अभ्यास आहे: एकच डोस मिळालेल्या मुलींनाही दहा वर्षं १६ आणि १८ च्या टिकून राहणाऱ्या लागणीपासून सुमारे ९५ टक्के संरक्षण मिळालं.

लशीने मूल होण्यावर परिणाम होत नाही. हात दुखतो, कधी ताप येतो. सुई टोचल्यावर ह्या वयाच्या मुलींना चक्कर येऊ शकते, म्हणून पंधरा मिनिटं बसवून ठेवायचं आणि उपाशीपोटी आणायचं नाही. आधीच्या डोसला किंवा यीस्टला तीव्र अ‍ॅलर्जी असेल तर देऊ नये. लस घेतलेल्या मुलीनेही तिशीनंतर तपासणी करायचीच, कारण उरलेल्या प्रकारांपासून तिला पूर्ण संरक्षण नसतं.

नाशिकमध्ये कुठे जायचं

गावात असाल तर आशाताईला किंवा उपकेंद्राच्या सिस्टरला विचारून प्राथमिक आरोग्य केंद्रातला तपासणीचा दिवस माहीत करून घ्या. शहरात महापालिकेची रुग्णालयं आहेत: कथड्याचं झाकीर हुसेन, नाशिकरोडचं बिटको. चाचणीत काही निघालं तर पुढची चिठ्ठी घेऊन जिल्हा शासकीय रुग्णालय, शालिमारजवळचं विभागीय संदर्भ सेवा रुग्णालय किंवा आडगावचं वैद्यकीय महाविद्यालय. निघण्याआधी “कोल्पोस्कोपी कोणत्या दिवशी असते” एवढं फोनवर विचारून घ्या. पेठहून येऊन परत जावं लागलेली बाई दुसऱ्यांदा येईलच असं नाही.

कर्करोग निघालाच, तर लवकरच्या टप्प्यात ऑपरेशन, त्यापुढे रेडिएशनसोबत आठवड्याची किमो आणि आतून दिलं जाणारं रेडिएशन, म्हणजे ब्रॅकीथेरपी. बाहेरून दिलेलं रेडिएशन संपलं की बरं वाटतं आणि काही जणी तिथेच थांबतात. ब्रॅकीथेरपीशिवाय तो उपचार अपुरा राहतो. सगळे डोस ठरल्या वेळात पूर्ण करावे लागतात. महात्मा फुले जनआरोग्य योजनेत हे उपचार येतात. रेशनकार्ड, आधार आणि तुकड्याचा मूळ रिपोर्ट घेऊन योजनेतल्या रुग्णालयातल्या आरोग्यमित्राला आधी भेटा, पैसे भरायच्या आधी.